टाळता येण्याजोगा विलंब

ऑफिसवर केलेला 'एक्स्परिमेंटल' व्हिडिओ सुरू झाला की मी आधी घड्याळ शोधते. ते येतंच. भिंतीवरचं, पांढऱ्या तबकडीचं, सेकंदकाटा टकटकवणारं. मग टाय आवळणारा हात, मग जिन्यावरून फास्ट फॉरवर्डमध्ये धावणारी माणसं, मग प्रिंटरमधून भळाभळा कागद, आणि सगळ्यावर करडा-निळा फिल्टर. शेवटी एक माणूस खिडकीबाहेर बघतो. झालं परकेपण! यातले काही माझ्याच मित्रमंडळींनी केलेत, त्यामुळे हे लिहिताना जरा जीभ चावतेय. पण दिवसाचे आठ-नऊ तास खुर्चीत काढणारी मी आहे आणि त्या व्हिडिओंमधलं काहीच मला ओळखीचं वाटत नाही, तर कुठेतरी बोलायला हवं. शिवाय आता ऑफिसवर एक व्हिडिओ मीही केलाय, त्याचीही गोष्ट सांगायचीय.

फास्ट फॉरवर्डवर तर माझा खास राग आहे. ऑफिसात जे अंगावर येतं त्याला वेळ लागतो. कंटाळा तीन सेकंदांत दाखवता येत नाही. वेग वाढवला की नेमका तोच कापला जातो, आणि उरते ती लगबग. लगबग दिसायला छानच असते. साहेबांनाही ती आवडते.

घड्याळाचं काय करता येतं ते तेहचिंग श्ये या कलावंताने करून ठेवलंय. जन्म तैवानचा, वस्ती न्यूयॉर्कमध्ये. ११ एप्रिल १९८० ते ११ एप्रिल १९८१ असं अख्खं वर्ष त्याने स्टुडिओत हजेरीचं घड्याळ बसवून दर तासाला कार्ड पंच केलं. दिवसाही आणि रात्रीही. अंगात कामगाराचा गणवेश, सुरुवातीला डोक्याचा चकोट. प्रत्येक पंचला १६ मिलिमीटर कॅमेऱ्यावर एक फ्रेम. म्हणजे एका दिवसाच्या चोवीस फ्रेम, म्हणजे पडद्यावर एक सेकंद. वर्ष सहा मिनिटांत संपतं. केस वाढत वाढत खांद्यावर येतात, घड्याळाचे काटे वेड्यासारखे गरगरतात, आणि मधला माणूस तिथेच उभा असतो, फ्रेम न जुळल्यामुळे नुसता थरथरत.

हेही फास्ट फॉरवर्डच की, असं कुणी म्हणेल. म्हणावं. पण इथे दोन फ्रेमच्या मधला तास बघणाऱ्याला स्वतःच भरावा लागतो. त्या तासात हा माणूस धड झोपू शकत नाही, लांब जाऊ शकत नाही, एखादा सिनेमा पुरता बघू शकत नाही. आणि वर त्याने चुकलेल्या पंचांचा हिशेबही ठेवलाय. एकूण व्हायला हवे होते ८,७६०. चुकले १३३. त्यातले ९४ झोप लागल्यामुळे, २९ उशीर झाल्यामुळे आणि १० वेळेआधी मारल्यामुळे.

त्या दहांवर मी फिदा आहे. ऑफिसात लवकर येणाऱ्याची 'काय हा उत्साह' म्हणून पाठ थोपटतात. यंत्राला कौतुक कळत नाही. ठरल्या वेळी नाही म्हणजे नाही, मग आधी असो की नंतर. शिवाय या सगळ्या हजेरीतून काहीच तयार होत नव्हतं. कार्डावर शिक्के तेवढे जमत होते. त्या काळात श्ये अमेरिकेत कागदपत्रांविना राहत होता. कायद्याने ज्याला कामावर ठेवता येत नव्हतं, त्याने वर्षभर कुणाच्याही नोकरीत नसताना हजेरी लावली. करड्या फिल्टरची गरज कुठे आहे?

दुसरी एक गोष्ट मला फार उशिरा वाचायला मिळाली, आणि तेव्हापासून ऑफिसातला कॅमेरा माझ्यासाठी साधा राहिलेला नाही. कामाच्या जागी कॅमेरा कलावंतांनी नेला नाही. तो आधी नेला मोजणाऱ्यांनी. साधारण १९१२ पासून अमेरिकेत फ्रँक आणि लिलियन गिलब्रेथ हे जोडपं कामगारांच्या हालचाली चित्रित करत होतं. चौकटीत एक खास घड्याळ ठेवायचं, सेकंदापेक्षाही बारीक मोजणारं, आणि मग फ्रेम फ्रेम थांबवून बघायचं की हात कुठे वाया गेला. कधी कधी ते बोटांना लहानसा दिवा बांधत आणि अंधारात लांब एक्सपोजर देऊन फोटो काढत. फोटोत माणूस जवळपास नाहीसा व्हायचा आणि हाताच्या वाटेची उजेडाची रेघ तेवढी उरायची. त्या रेघेवरून ते तारेचे नमुने वळवत. आज हे फोटो दालनात टांगले तर लोक त्यांच्यासमोर डोकं तिरकं करून उभे राहतील, इतके देखणे आहेत. पण ते काढले होते उत्पादन वाढवण्यासाठी.

गिलब्रेथांनी हालचालींची एक यादी केली. शोधणं, पकडणं, उचलून नेणं, जागेवर ठेवणं, सोडून देणं, अशी. त्या यादीत विलंबाचे दोन प्रकार आहेत: न टाळता येणारा आणि टाळता येण्याजोगा. मी हे वाचून थबकलेच. ऑफिसबद्दल मला जे काही दाखवावंसं वाटतं ते सगळं या दुसऱ्या खान्यातलं आहे. ज्या क्षणांसाठी त्यांनी कॅमेरा थांबवून 'हे काढून टाका' म्हटलं असतं, ते क्षण.

माझं काम सांगते. विम्याचे दावे तपासायचे. रांगेतून फाइल येते, कागद बघायचे, तीनपैकी एक बटण दाबायचं: मंजूर, नामंजूर, आणखी कागद हवेत. बटण दाबलं की फाइल जाते आणि दुसरी येते. कोपऱ्यात एक आकडा असतो, फाइलमागे सरासरी किती मिनिटं लागली त्याचा. तो हिरवा राहावा एवढंच बघायचं. ज्याचा दावा मंजूर केला त्याचं पुढे काय झालं, पैसे वेळेत पोचले का, हे मला कधीच कळत नाही. आणि 'नामंजूर'ही दाबायला तेवढाच वेळ लागतो. मार्क्सने १८४४ मध्ये हस्तलिखितात लिहून ठेवलं होतं की कामगाराला काम करत नसताना आपल्या घरी असल्यासारखं वाटतं आणि काम करताना तसं वाटत नाही. त्याच्यासमोर कारखाने होते. दावा विभाग बघितला असता तर एखादा परिच्छेद नक्की वाढवला असता.

तर माझा व्हिडिओ. पावणेतीन मिनिटांचा, फोनवर घेतलेला, एक शॉट.

आमच्या मजल्यावर छताला पांढरे घुमटासारखे सेन्सर आहेत. खोलीत कुणी नसेल तर दिवे आपोआप बंद. वीज वाचते, उत्तमच. पण सेन्सरला माणूस दिसत नाही, त्याला उष्णतेची हालचाल दिसते. त्या घुमटाच्या भिंगाने खाली खोलीचे अदृश्य कप्पे पाडलेले असतात. गरम अंग एका कप्प्यातून दुसऱ्यात सरकलं की त्याला समजतं, कुणीतरी आहे. बसल्या जागी नुसती बोटं हलली तर तो बदल पुरत नाही. पंधरा मिनिटं असंच गेलं की इमारत ठरवते, इथे कुणी नाही.

संध्याकाळी मजला रिकामा झाला की हे हमखास होतं. माणूस मान मोडून काम करतोय, म्हणजे पगार ज्यासाठी मिळतो तेच अगदी मन लावून करतोय, आणि नेमका तेव्हाच तो इमारतीच्या लेखी गैरहजर होतो. उठून चकाट्या पिटत फिरला असता तर दिवे राहिले असते.

आमच्याकडे एक सहकारी आहे, महिनाअखेरीला उशिरापर्यंत थांबणारा. दिवे गेले की तो उजवा हात वर करतो. स्क्रीनवरून नजर न काढता. वर्गात हजेरी देताना करतो तसा, कोपरातून सरळ, आणि दोनदा हलवतो. दिवे येतात. हात खाली येतो तो थेट माउसवर. मधे वाक्यसुद्धा तुटत नाही, म्हणजे फोनवर बोलत असेल तर बोलणं चालूच. मी हे पहिल्यांदा बघितलं तेव्हा हसले होते. नंतर लक्षात आलं, हात तर मीही करते.

गिलब्रेथांच्या यादीत ही हालचाल कुठे बसवायची? ती शोधणं नाही, पकडणं नाही, विश्रांतीही नाही. कामाला तिचा काही उपयोग नाही. आपण आहोत एवढंच सांगण्यासाठी केलेली ती हालचाल आहे, आणि ऐकणारं कुणी माणूस नाही. चॅटमधला आपल्या नावापुढचा हिरवा ठिपका पिवळा होऊ नये म्हणून अधूनमधून माउस हलवतो, ती हिची सख्खी बहीण. माउस आपोआप हलवत राहणारी यंत्रंसुद्धा बाजारात मिळतात, हे वाचकांपैकी ज्यांना ठाऊक नसेल त्यांनी स्वतःला सुखी समजावं.

चित्रीकरणाला परवानगी रीतसर मागितली. कंपनीचं नाव, स्क्रीन, आयकार्ड, फळ्यावरचे आकडे यांतलं काही दिसता कामा नये, या अटीवर मिळाली. या अटींनी माझं निम्मं काम केलं. सगळं वगळत गेल्यावर उरलं ते एक टेबल, खुर्चीची पाठ, माणसाची एक बाजू आणि वर छताचा तुकडा, त्यात सेन्सर. जगातलं कुठलंही ऑफिस.

तांत्रिक भानगड एकच, पण महत्त्वाची. फोनचा कॅमेरा अति शहाणा असतो. अंधार झाला की तो ताबडतोब एक्सपोजर, म्हणजे आत घ्यायचा उजेड, वाढवून अंधार पुसून टाकतो, म्हणजे माझ्या व्हिडिओतली एकमेव घटनाच पुसून टाकतो. म्हणून एक्सपोजर, फोकस आणि व्हाइट बॅलन्स तिन्ही लॉक करावे लागतात. तसं केलं आणि मग जे दिसलं ते मी ठरवलेलं नव्हतं. दिवे गेले तरी त्याचा चेहरा राहिला. स्क्रीनच्या उजेडात. छताचे दिवे होते तोवर तो एका खोलीत बसलेला माणूस होता. ते गेल्यावर खोली गेली, खुर्ची गेली, हात गेले. एक्सेलच्या पांढऱ्या चौकटींनी उजळलेला गाल आणि चष्म्याची काच एवढं उरलं. तो स्क्रोल करायचा तेव्हा काचेवरून उजेडाची पट्टी वर सरकायची. शब्द वाचता येत नव्हते, ते मी घरी मोठं करून तपासलं, कारण अट अट असते.

आता खरा प्रश्न: पंधरा मिनिटं दाखवायची का? मनात आधी तेच होतं. पंधरा मिनिटं काहीच नाही, मग अंधार, मग हात. कलादालनातल्या बाकावर बसलेल्या माणसाकडून ती मागताही आली असती. पण दालनात माणूस काहीतरी बघायला म्हणून आलेला असतो, त्याचं बसणं वेगळं. दुसरी वाट कटची: पाच सेकंद काम, कट, अंधार, हात. तो मग विनोद होतो. हातोडीसारखा नेम धरून मारलेला.

सोडवलं ते हारून फारोकी या जर्मन चित्रपटकाराने. त्याने आणि आंत्ये एमान यांनी २०११ ते २०१४ या काळात जगभरातल्या १५ शहरांमध्ये कार्यशाळा घेऊन कामाविषयीचे व्हिडिओ करून घेतले. नियम अगदी मोजके: विषय काम, एकच शॉट, लांबी एक ते दोन मिनिटं, कट नाही. कॅमेरा हलला तरी चालेल, नाही हलला तरी. त्यांना १८९५ कडे परत जायचं होतं, लुमिएर बंधूंच्या कारखान्यातून बाहेर पडणाऱ्या कामगारांच्या त्या मिनिटभराच्याही आतल्या चित्रपटाकडे. गंमत म्हणजे त्या पहिल्या चित्रपटात काम दिसतच नाही. सुटी दिसते. दार उघडतं आणि माणसं निघतात.

एका शॉटचा नियम लावला की निवड एकच उरते, कॅमेरा कधी सुरू करायचा. मी तो दिवे जायच्या सुमारे दीड मिनिट आधी सुरू होईल असा अंदाज धरून बसत असे. दीड मिनिट एका माणसाला काम करताना बघणं बरंच लांब वाटतं. बघणारा अस्वस्थ होऊन चौकटीत इकडेतिकडे बघायला लागतो, आणि तेवढ्यात त्याला छतावरचा घुमट दिसतो. मला तेवढंच हवं होतं. आधी घुमट, मग अंधार. दोन्हींचा संबंध मी सांगणार नाही, ज्याचा त्याने लावावा. म्हणून दोन मिनिटांची मर्यादा मी पाऊण मिनिटाने मोडली. फारोकी २०१४ मध्ये वारला, तक्रार करणार नाही.

आवाज जसा होता तसाच ठेवला. ठराविक वेळेला मध्यवर्ती एसी बंद होतो, आणि तो बंद झाल्यावरच कळतं की दिवसभर काहीतरी घोंघावत होतं. माझा शॉट त्यानंतरचा आहे. कळफलक, खुर्चीची कुरकुर, दूर कुठेतरी लिफ्टचं दार. दिवे येताना छतातून एक बारीक 'टक' येते, रिलेची, म्हणजे दिवे लावणाऱ्या आतल्या स्विचची. ती मला चित्रीकरणाआधी कधीच ऐकू आली नव्हती. संगीत घालावं, असं दोघातिघांनी सुचवलं. पियानो, म्हणे. नको.

हे करताना मनात सतत पिल्वी ताकाला होती. फिनलंडची ही कलाकार २००८ मध्ये डेलॉइट या बड्या सल्लागार कंपनीच्या मार्केटिंग विभागात महिनाभर प्रशिक्षणार्थी म्हणून बसली आणि तिने काहीच केलं नाही. हे सोंग आहे हे मोजक्यांनाच ठाऊक होतं. कुणी विचारलं तर ती सांगायची, विचार करतेय. एक अख्खा दिवस ती लिफ्टमध्ये खालीवर करत राहिली. सहकारी आधी अवघडले, मग हसले, मग वरिष्ठांना ईमेल जायला लागले. तिच्या जागी एखादी मुलगी दिवसभर फोनवर कपडे बघत बसली असती तर कुणाच्या डोळ्यावर आलं नसतं. कामाचा आव आणून काही न करणं सगळ्यांना माफ असतं, ताकालाने आव तेवढा आणला नाही.

मला ही कलाकृती फार आवडते, आणि तिच्यावर माझा थोडा रागही आहे. तिचा महिना संपतो. ती काम कला म्हणून करते, त्यामुळे लिफ्टमधला दिवससुद्धा तिच्या खात्यावर जमा होतो. ब्रूस नॉमन या अमेरिकन कलावंताने साठच्या दशकाच्या अखेरीस असाच हिशेब मांडला होता: मी कलावंत आहे, स्टुडिओत आहे, म्हणजे इथे मी जे काही करेन ती कला. आणि जमिनीवर चौकोन आखून त्याच्या कडेने चालत बसला. आम्ही नेमके उलट्या टोकाला. मी ऑफिसात आहे, म्हणजे इथे मी जे करते ते काम. लिफ्टची वाट बघते तेही काम, मीटिंगमध्ये मान डोलावते तेही काम. पुढचा व्हिडिओ त्या मीटिंगवरच करायचाय. ऑनलाइन मीटिंग संपताना सगळे हात हलवून बाय बाय करतात आणि मग लाल बटण शोधतात. त्या एक-दोन सेकंदांत हसू चेहऱ्यावर तसंच राहिलेलं असतं आणि डोळे भलतीकडेच गेलेले असतात. कोण आधी नाहीसं होतंय याची मूक चढाओढ. यासाठी लेखी परवानगी किती जणांकडून मिळेल ही शंकाच आहे.

सेन्सरवाला व्हिडिओ आधी ज्याचा आहे त्याला दाखवला. त्याने शांतपणे शेवटपर्यंत बघितला आणि म्हणाला, "मॅडम, मी एवढा वाकून बसतो?" मग स्वतःच पाठ ताठ केली. हाताबद्दल अवाक्षर नाही. मी विचारलंच शेवटी, हात दिसला का? "तो तर करावाच लागतो," तो म्हणाला.

विभागातल्या बाकीच्यांनी बघितला तेव्हा हात वर झाल्याबरोबर खसखस पिकली, आणि मग हसू थांबलं, कारण व्हिडिओ तिथे थांबत नाही. दिवे आल्यानंतरही तो अर्धा-पाऊण मिनिट काम करतच राहतो. एकीने विचारलं, "पुढे काय होतं?" पुन्हा पंधरा मिनिटांनी तेच, असं सांगितल्यावर ती म्हणाली, "मग तू कापलास कशाला?" ही आजवरची माझी सगळ्यात कडक समीक्षा. तिचं उत्तर अजून माझ्याकडे नाही. लूपवर, म्हणजे संपला की पुन्हा पहिल्यापासून असा, लावला असता तर कदाचित देता आलं असतं.

व्हिडिओ फिरत फिरत इमारतीची देखभाल बघणाऱ्यांपर्यंत पोचला. दुसऱ्या आठवड्यात एकजण शिडी आणि छोटा रिमोट घेऊन हजर. शिडी लागलीच नाही, खालूनच रिमोट रोखून त्याने एकेक सेन्सर बदलला. "तीस मिनिटं केलीत मॅडम. आधी सांगायचं ना, व्हिडिओ कशाला काढायचा." सहकारी खूश आहे. मी मात्र लूपसाठी नव्याने शॉट घ्यायचं म्हणतेय, तर आता दर टेकला दुप्पट थांबावं लागणार, आणि तेही ऑफिसची वेळ संपल्यावर, बिनपगारी.